सतरा चादरी

वडील पुठ्ठे पंच करायचे, जेकार्डचे,
भद्रावती पेठेत, पत्र्याखाली.
भोक असेल तर धागा वर, नसेल तर खाली.
यंत्राला एवढंच सांगता येतं, म्हणायचे,
बाकीचा मोर आपण मनात धरायचा.

एकोणऐंशीच्या उन्हाळ्यात त्यांनी मोर सोडला.
पेपरात जुना फोटो आला होता:
सायकलच्या कॅरिअरला बांधलेलं रॉकेटचं टोक
आणि हँडल धरून चालणारा माणूस.
"सायकलवरनं जातंय म्हणजे आपल्यातलंच की,"
म्हणाले, आणि ग्राफचा कागद घेऊन बसले.

अकरा रात्री. चौकोन भरत, खोडत.
शेपटीचा जाळ काही जमेना,
शेवटी पिसाऱ्याचेच पुठ्ठे उलटे लावले.

सतरा चादरी विणून झाल्या
तेव्हा अमेरिकेचं स्कायलॅब पडायला आलं होतं.
गल्लीत कुणी कोंबड्या कापून खाल्ल्या,
उद्या नाहीच म्हणून.
ते पडलं लांब, ऑस्ट्रेलियाकडे.
आणि ऑगस्टात आपलं.
पाच मिनिटं सतरा सेकंद, मग बंगालचा समुद्र.
एक झडप अडकली, असं नंतर कळलं.
वडील म्हणाले, एक धागा.

चनबसप्पा उंबरजेंनी चादर उलगडली,
घडी न घालता परत दिली.
"राजेशम, आभाळातनं पडणारं
कोण घेईल अंगावर?"

मग त्या घरातच मुरल्या.
एक न्हाणीचा पडदा झाली,
एक आईच्या विड्यांच्या सुपाखाली,
दोन ताईच्या बाळंतपणात गेल्या,
एक हुसेनभाईंच्या गळक्या खोलीत,
एक आजोबांबरोबर, त्यांच्यासकट.
पुठ्ठे पावसाळ्यात चुलीला लागले.

पुढच्या जुलैत, सकाळी आठच्या सुमारास,
आई पंचवीसची जुडी मोजत होती, तेलुगूत.
तिथे उलटं मोजतात, वडील म्हणाले.
"उलटं मोजून कारखानदार मजुरी देईल होय?"
तरी तिनं म्हणून पाहिलं:
पदि, तोम्मिदि, एनिमिदि...
ओकटिशी येऊन थांबली.
विड्यांत शून्याला जागा नसते.

वर गेली ती पस्तीस किलोची रोहिणी.
आमच्याकडे येणारं सुताचं गाठोडं याहून जड.
चनबसप्पा स्वतः आले, चप्पल न काढता.
"त्या रॉकेटवाल्या आण. सगळ्या."
वडिलांनी न्हाणीकडे बघितलं.
"वापरल्या," म्हणाले.
पुन्हा पंच करायला अकरा रात्री,
आणि दिवाळीला गिऱ्हाईक मोरच मागतं.

नंतर एक उपग्रह बैलगाडीवरून गेला,
लोखंडाने लहरी बिघडतात म्हणून लाकडाची गाडी.
मी हे शाळेत सांगितलं. बाई सोडून सगळे हसले.
नंतर रॉकेटं वाढत गेली, उंचीनं, वजनानं,
आणि इकडे गिरणीचा भोंगा
एका सकाळी वाजला नाही.
धुराडं तेवढं उभं राहिलं,
मोजणी कधीच न सुरू झालेलं.
वडील त्याच्याकडे बघून घड्याळ लावायचे,
सवयीनं, भोंगा नसताना.

चंद्राजवळ पहिल्यांदा आवाज तुटला त्या रात्री
मी सतरा हा आकडा कुठेतरी लिहिला आणि खोडला.
दुसऱ्या खेपेला, संध्याकाळी सहाला,
आमच्या टॉवेलच्या कारखान्यात
कुणी न सांगता लूम थांबले.
इतकी शांतता झाली
की भिंतीपलीकडचा कुणाचा तरी खोकला ऐकू आला.
मग खाली टेकलं. मग आरडाओरडा, पेढे,
आणि सुपरवायझर: चला, चला.

एकच चादर उरलीय. विरलेली,
रॉकेटच्या पोटात एक धागा सुटलेला.
नात पांघरताना विचारते,
डोक्याकडची बाजू कुठली,
टोकाची की जाळाची?
उलटी धरली तर मोराचा पिसारा दिसतो,
तिला मी तो दाखवलेला नाही अजून.

वडील जाळ पायांशी घ्यायचे.
गारठा तिकडूनच शिरतो, म्हणायचे.