कट क्रमांक दोनशे चौदा

उद्यमनगरात, लेथच्या दुकानावर, दुसरा मजला.
खाली बीड कातल्याचा आवाज,
वर सोळा काचेची टेबलं, खालून उजेड,
आणि मगदूमबाई,
ज्यांना साधा आंबा काढता येत नव्हता.
स्वतःच सांगायच्या, हसून.

तोक्योहून दोन कागद यायचे :
मान सरळ, मान वळलेली.
मधल्या माना आमच्या.
आणि आमच्या मधलं सगळं बाईंचं.
सुताराच्या पोराला ताप, त्याचे अठरा कागद अत्तारकडे.
अत्तारचा हात वाऱ्याला चांगला, पाण्याला नाही.
लाइट चारला जाणार, मेणबत्तीवर केस काढू नका,
कपडे काढा, कपड्यांत चूक खपते.

तिकडे साडेनऊ वाजले की इथे सहा.
त्या साडेतीन तासांवर बाईंनी अकरा वर्षं काढली,
घाटात पेट्रोल वाचवायला
न्यूट्रलला सोडलेल्या गाडीसारखी.

पलीकडे हिगुचीबाई. चेहरा कधी पाहिला नाही.
दोघींचं इंग्रजी तुटकं,
आणि तुटायचं एकाच ठिकाणी.
सॉरी तिकडून, सॉरी इकडून,
मग काम.
मग फॅक्स. खाली कोपऱ्यात गोल शिक्का,
आत दोन चिन्हं.

पंचगंगा शहरात आली त्या साली
शिरोलीला हायवे बंद झाला.
कुरिअरची गाडी पाण्यात, गाडीत आमची पेटी.
कट दोनशे चौदा : मुलगी वळून बघते.
चाळीस कागद.
पेटी उघडली तेव्हा
पापडाच्या पिठाएवढा एक गोळा.

लाइन दोन दिवसांनी लागली.
बाई एवढंच म्हणाल्या, रिव्हर.
तिकडे शांत.
आम्ही सगळे टेबलं सोडून उभे.
मग बाई म्हणाल्या, पीपल ओके,
आणि आम्हाला कळलं, तिकडून काय विचारलं होतं.

परवा मंगळवार पेठेत त्यांच्याकडे गेलो.
भाच्याने टीव्हीवर तेच लावलं होतं,
त्याला काही ठाऊक नसताना.
दोनशे चौदा आला.
मुलगी वळत नाही.
चार सेकंद तशीच, पाठमोरी, फक्त आवाज समुद्राचा.
भाचा म्हणाला, आत्या, ही शांतता बघ,
काय डोकं लावलंय माणसानं!
बाई लसूण सोलत होत्या.
हं, म्हणाल्या.

शेवटी नावं वर सरकू लागली, मुंग्यांसारखी.
आमच्यातलं कुणीच नव्हतं त्यात,
आमच्या वाट्याला कंपनीचं नाव, तेही एका ओळीत
इतर चौघांबरोबर.
थांबव, बाई म्हणाल्या.
उठल्या. लसणाचं बोट काचेवर ठेवलं.
दोन चिन्हं. शिक्क्यातली, आता गोलाबाहेर.

कोण गं ही?

ऑफिसातली, बाई म्हणाल्या.