पायपट्ट्या

भंगाळे सरांच्या काचेच्या नळकांड्यात
हवा जवळजवळ नसते.
जी उरते तिला ते वीज पाजतात,
मग ती जांभळी होऊन थरथरते,
आणि त्या उजेडात
जळगावच्या बाजारातलं सत्तर रुपये मीटरचं सुती कापड
चार मिनिटं पडून राहतं.
बाहेर येतं तेव्हा तसंच दिसतं.
सर म्हणतात, धाग्याच्या अंगावर आता बारीक खरखर आलीय,
औषध धरून ठेवील. वीस धुण्यांपर्यंत.
मी बोट फिरवून पाहते.
मला काही लागत नाही.

मी गोचीड मोजणारी.
पांढरं फडकं गवतावरून ओढत चालायचं,
पन्नास पावलांवर थांबून उलटं करून बघायचं:
तिळाएवढे, खसखशीएवढे,
पुढचे पाय हवेत धरून
कुणाची तरी वाट बघणारे.
चिमट्यानं उचलून बाटलीत. बाटलीवर तारीख.
ह्यांच्या पोटातल्या तापाला
आमच्याकडे अजून नाव नाही, नुसता क्रमांक आहे.
चोपड्याच्या वर, डांबर संपतं तिथल्या वस्तीत
त्याला कधीचंच नाव आहे. पानांचा ताप.
टेंभुर्णीची पानं खुडायला जंगलात गेलं की येतो.
पुड्यांचे पैसे हातात पडेपर्यंत
अंगावर काढायचा असतो.

एप्रिल. चाळीस बायका, चाळीस जोड पट्ट्या,
घोट्यापासून गुडघ्यापर्यंत गुंडाळायच्या.
वीस जोड औषधाचे, वीस साधे.
कुठला कुणाला, मला माहीत नाही,
माहीत असू नये असाच नियम.
यादी जळगावला, सीलबंद लिफाफ्यात.
मी फक्त कडेला शिवलेला आकडा वाचते.
हुरमतबाई तडवी, सतरा.
रेमली बारेला, अठरा.
संमतीच्या कागदावर सगळं लिहिलेलं होतं,
मी ते वाचून दाखवलं होतं, दोनदा.
अंगठा उमटवण्याआधी रेमलीनं विचारलं,
साध्या कशाला?
मी उत्तर दिलं. बरोबरच दिलं.
तेव्हा माझ्या पायांत
गुडघ्यापर्यंत रबरी बूट होते.

दहाव्या दिवशी मोजायला बसले तर
हुरमतबाईच्या डाव्या पायाला सतरा,
उजव्याला अठरा.
शेजारणीला तेवीस आणि सहा.
तिच्या शेजारणीला सहा आणि तेवीस.
मी वर पाहिलं. ओट्यावर सगळ्या गप्प,
कुणीतरी पदराआड हसलं.
"तुले बी माहीत नही ना, कोनतं खरं शे?"
नाही.
"मंग आम्हीन वाटी लिधं.
एक पाय तुना, एक पाय मना.
जे व्हई ते समदासले व्हई."

रात्री सरांना फोन केला.
बराच वेळ पलीकडून नुसती पंपाची घरघर.
रागावतील असं वाटलं होतं.
मग म्हणाले, प्रत्येक पाय वेगळा मोजता येईल?
आणि पुन्हा थोडा वेळ घरघर.
अगं, हे आपल्याला सुचायला हवं होतं.

वहीत नवे रकाने पाडले. डावा. उजवा.
चाळीस बायकांचे ऐंशी पाय.
कुणाच्या दोन्ही पायांना साधीच आली असेल,
कुणाच्या दोन्हींना औषधाची,
आंधळ्या वाटपात तेवढं व्हायचंच.
रोज संध्याकाळी मी जमिनीवर बसते,
त्या एकेक पाय माझ्या मांडीवर ठेवतात,
भेगाळलेला, पानांच्या चिकानं काळा पडलेला,
आणि मी भिंगातून
पोटरीवरून वर सरकत जाते.
हुरमतबाईला गुदगुल्या होतात.
आकडे चुकतात. पुन्हा मोजते.

सव्वीस तारखेला रेमली आली नाही.
तिला चोपड्याच्या दवाखान्यात नेलं होतं,
तिच्या रक्ताची नळी माझ्याच थर्मासमधून
जळगावला गेली.
लिफाफा जूनमध्ये उघडायचा.

तिच्या घरासमोर दोरीवर
दोन पट्ट्या वाळत होत्या, अठरा आणि सतरा,
सासूनं धुऊन टाकलेल्या.
पाणी ठिबकत होतं, खाली कोंबडीची पिल्लं.
आजूबाजूला कुणी नाही असं बघून
मी एकीवरून बोट फिरवलं,
मग दुसरीवरून.

मग वही काढली
आणि दोन्ही आकड्यांपुढं लिहिलं:
धुणं, सातवं.