एरवी

नाव त्याचं एर्वे. पुढचं आडनाव
आमच्या एकाही जिभेला पेललं नाही.
चेंदणीत तो दुसऱ्याच दिवशी एरवीसाहेब झाला,
आणि ‘एरवी कुठं गेलाय?’ असं कुणी विचारलं
की मढवीमास्तर पोट धरून हसायचे.
आम्हांला व्याकरण नंतर कळलं.

एकोणऐंशीचा फाल्गुन. मला बाविसावं.
काम काय, तर कॅमेऱ्यावर छत्री धरायची
आणि विचारायचं नाही.

नातवानं परवा फोनवर त्याची सगळी कारकीर्द काढली.
वर फोटो, खाली वर्षं.
सोळाव्या वर्षी बातमीपटवाल्यांकडं तिकाटणं उचलायला लागला.
मग एकतीस चित्रपट, दुसऱ्यांचे,
एरवीचा फक्त उजेड.
मग दोन स्वतःचे:
पहिल्याला अर्ध्यातच माणसं उठली,
दुसरा निर्मात्याच्या कपाटात राहिला.
मग परत दुसऱ्यांचे, साबणाच्या जाहिराती,
शेवटच्या ओळीत एक गाव आणि एक तारीख.
नातू म्हणाला, आजोबा, ठाणं कुठंच नाही.

नाहीच असणार. तो सिनेमा झालाच नाही.

कोपरीच्या मिठागरावर एकवीस दिवस
त्यानं नुसतं पांढरं शोधलं.
आमच्या डोळ्याला मीठ पांढरं. संपलं.
तो कोंडीच्या काठाशी उकिडवा बसून दाखवायचा,
हे सकाळचं, निळसर, दुधात पाणी घातल्यासारखं;
हे अकराचं, मेलेलं, ह्याचं चित्र घ्यायचं नाही;
हे साडेपाचचं
आणि गप्प.
शब्द नव्हता की आवंढा होता,
दुभाष्या मुलीनंही सांगितलं नाही.

त्याचा बाप मीठवाला. त्यांच्याकडच्या समुद्राकाठी
अशाच कोंड्या, असेच बांध, फक्त फावड्याचा दांडा लांब.
बाप म्हणाला होता म्हणे, उजेडाचे पैसे कोण देतं?
हे त्यानं सांगितलं निवट्यांचं कालवण खाताना,
नाकाडोळ्यांतून धारा लागलेल्या,
तेव्हा ते पाणी कशाचं
ते आम्ही ठरवू शकलो नाही.

मराठी दोनच शब्द आले त्याला. मीठ. आणि थांब.
थांब तो सूर्याला म्हणायचा.
बाळकीबाय डोक्यावर पाटी घेऊन बांधावरून यायची,
तिला कधी म्हणाला नाही.
तिनं तिच्या चालीनं यावं, कॅमेऱ्यानं वाट पाहावी.
इकडं बघू नकोस, एवढंही नाही.
ती बघायचीच. सरळ काचेत. वर हसायची.
त्याच्या देशाचा सहायक डोकं धरून बसायचा.

मग तार आली. पैसे बंद.
डब्यात अडीच मिनिटांची फिल्म उरलेली.
आम्हांला वाटलं, आता काहीतरी मोठं टिपेल:
भरतीची खाडी, पारसिकचा डोंगर, निदान सूर्यास्त.
त्यानं मला कॅमेऱ्यामागं उभं केलं,
बूट काढले, विजार गुडघ्यापर्यंत दुमडली,
बाळकीबायचं फावडं मागून घेतलं
आणि कोंडीत उतरून मीठ ओढायला लागला.
बापासारखं असावं. पाठ आमच्याकडं.
दांडा आखूड पडत होता, म्हणून जास्तच वाकलेला.
माझ्या बगलेतली छत्री सुटली,
वाऱ्यानं बांधावरून गडगडत गेली,
ती चौकटीत आली असणार.
फोकस होता की नाही, देव जाणे.

डबा त्याच्याबरोबर गेला.
बाळकीबाय पुढं कितीतरी वर्षं विचारायची,
माझं चित्र कधी लागतंय रे, गणेशला की अशोकला?

आता तिथं मीठ पिकत नाही. बाळकीबायही नाही.
हिवाळ्यात खाडीत फ्लेमिंगो येतात,
तेव्हा येत नव्हते. लोक हाताएवढ्या लेन्सा घेऊन येतात,
मीच नेतो होडीतून. बरे पैसे मिळतात.
एखादा घाई करतो, काका, जवळ घ्या ना, जवळ.
मी हात पुढं धरतो, पालथा,
एरवीसाहेब बघायचा तसा, उजेड कुठल्या बाजूनं
मनगटावरच्या केसांत शिरतोय ते बघत.
थांब, म्हणतो.
कुणाला, ते त्यांना कळत नाही.
ओहोटी लागलेली असते,
होडी तशीही चिखलात बसलेली असते.