उजव्या कुशीवर

चमचाभर, की कपभर? डॉक्टर प्रिचर्डनी विचारलं.
कप कुठला, मी म्हटलं, कॉफीचा की चहाचा?
सव्वीस वर्षं स्टोकच्या कारखान्यात
कपांच्या काठावर गुलाब रंगवलेत मी,
माप विचारायचं तर नीट विचारा.
ते हसले. अच्युत हसले नाहीत.
माझा कोट मांडीवर घेऊन
त्याची बटणं मोजत बसलेले.

रंग मात्र मी न विचारता सांगितला.
पहिल्या दिवशी विटकरी, भट्टीत करपल्यासारखा,
थुंकीत केसाएवढी एक रेघ.
मग मंगळवारी पहाटे, बेसिनमध्ये,
ताजा, फेसाळ,
ज्या लालासाठी आमची ग्लेनिस
तीन-तीनदा कप परत पाठवायची, तो.
आधी छातीत उजवीकडे कोमट गुदगुली,
मग जिभेवर किल्ली ठेवल्याची चव.

कारणं पुष्कळ असतात, ते म्हणाले,
न्यूमोनिया, सैल पडून रुंदावलेल्या श्वासनळ्या,
फुप्फुसात जाऊन अडकलेली गुठळी, कधी कॅन्सर,
कधी सगळं शोधूनही हाती काही लागत नाही.
बोलता बोलता पडद्यावर माझी छाती उघडली.
उजवीकडे, वर, एक पोकळी,
आणि तिच्यात गोळा,
कोनाड्यात ठेवून विसरलेल्या लिंबासारखा.
बुरशी आहे. ओल्या घरात शिरते तशी.
पण घर आधी कुणीतरी पोखरलेलं लागतं.
तरुणपणी टीबी झाला होता का?

मिरजेहून परत आले तेव्हा बाविशीची होते.
दीड वर्ष सुया. कानात अजून घंटी वाजते.
दादांनी एक्स-रे बंबात घातला,
निळसर जाळ, घाण वास,
आणि त्याच पाण्यानं आईनं मला न्हाऊ घातलं,
संपलं म्हणाली, आता कुणापाशी बोलायचं नाही.
मार्गशीर्षात अच्युतकडचे बघायला आले.
छाती जरा नाजूक आहे हो तिची,
एवढंच सांगितलं गेलं. सत्तेचाळीस वर्षं तेवढंच.

येस, मी म्हटलं.
मराठीत जमलं नसतं.
बटणांवरचा हात थांबला.

पुढचं ऐकलं ते तुटक तुटक.
गोळ्या, दिवसातून तीनदा, धरलेली खपली विरघळू न देणाऱ्या.
बुरशीसाठी दुसऱ्या, महिनोन्महिने,
त्यांनी गोळा जाईलच असं नाही.
कापून काढावा तर उरलेल्या फुप्फुसावर भागायचं नाही.
म्हणून गुरुवारी जांघेतून एक बारीक नळी
रोहिणीच्या वाटेनं वर, छातीपर्यंत.
शिशाचा एप्रन घातलेला तो मुलगा बर्स्लेमचा,
त्याची आजीही आमच्याच खात्यात होती म्हणे.
वाळूसारखे कण सोडून त्यानं
गळकी वाट बुजवली,
भाजण्याआधी भेगेत माती भरतात तशी.
मध्ये मध्ये विचारायचा, पाय हलवा बघू.
हलत होते.
पुन्हा येऊ शकतं, तो म्हणाला, खोटं सांगणार नाही.

आणि आलंच तर
ज्या बाजूनं येतं त्याच कुशीवर निजा,
चांगलं फुप्फुस वर राहू दे,
त्यात रक्त उतरता कामा नये.
अर्धा कप भरला तर आमची वाट बघू नका,
सरळ अ‍ॅम्ब्युलन्स.

घरी मुगाची खिचडी, बातम्या, भांडी.
अच्युतनी उशाशी कप आणून ठेवला,
माझाच, सेकंड्समधला,
एक पाकळी रेघेबाहेर गेलेली.
मी सवयीनं डावीकडे वळले, भिंतीकडे.
मग आठवलं.
उजवीकडे वळले तर ते जागेच,
इतक्या जवळ की चष्म्याचे वळ दिसत होते नाकावर.

सुया फार दुखायच्या का?

पहिले आठ दिवस, मी म्हटलं.
मग सवय झाली.