जांभईरोध: अंतिम फेरी

रामबागेत, रविवारी, दुपारी दोनला.
आधी चार-चार बाफले, वर तूप,
पंचांच्या देखत, धार न तोडता.
मग सतरंजीवर समोरासमोर बसायचं
आणि जांभई द्यायची नाही.
खेळ एवढाच.
नियमपुस्तिका चौऱ्याऐंशी पानांची.

डबीरकाका सहा वर्षं अजिंक्य.
गेल्या साली तक्रार आली, दाढेखाली लवंग ठेवतात.
तोंड उघडून दाखवा, समिती म्हणाली.
काकांनी मान हलवली: नाही.
उघडलं असतं तर बाद.

यंदा समोर मंदाकिनी कोपरगावकर, वय एकोणीस,
भोपाळहून नाकाने जगायचं शिकून आलेली.
काकू खिडकीशी अंगाई गुणगुणू लागल्या, मंदाकिनीकडे बघत.
त्यांना सन्मानाने बाहेर नेलं.

तीन वाजता वीज गेली.
पंखा एकेक पातं मोजत थांबला,
आणि पंच आगाशे,
वजनमापे खात्यातून डाग न लागता निवृत्त,
यांनी जांभई दिली.
सणसणीत. चांदी भरलेल्या दोन्ही दाढांसकट.

ती पहिल्या रांगेतून मागच्या रांगेत गेली,
फाटकाशी दूधवाल्याला लागली,
मग त्याच्या म्हशीला.
सतरंजीवर मात्र दोन मिटलेली तोंडं.

कुणीतरी पुस्तिका उघडली.
नियम एकसष्ट: पंचाने जांभई दिल्यास
पुढे शाईची एक लांब रेघ, पानाबाहेर गेलेली.
लिहिणाऱ्यालाही दुपारच होती, भिया.

काकांच्या डोळ्यांत पाणी आलं.
दाबलेली जांभई, की सहा वर्षं?
मला विचारू नका.
मी राखीव खेळाडू,
दोन महिने झाले,
घरीसुद्धा हातानेच बोलतो.