खाली सांडलेली अक्षरं

तिचं नाव शेन युए-लान.
आम्ही इंदुरात तिला येलूताई म्हणायचो,
जशी काही रामबागेतलीच,
दोन गल्ल्या सोडून राहणारी.

फिल्म सोसायटीचा पडदा आखूड.
खालची इंग्रजी अक्षरं त्यावर मावायची नाहीत,
स्टेजच्या फळ्यांवर सांडायची
आणि पहिल्या रांगेतल्या कोरान्ने वकिलांच्या टकलावर.
‘भिया, रीळ ही ऐसी है,’ ऑपरेटर गेंदालाल सांगायचा.
तर तिचं बोलणं मी थोडं टकलावर वाचलं,
बाकीचं तिच्या हनुवटीवरून.

पहिल्या चित्रपटात ती तलवार घेऊन कौलांवरून पळाली.
मग तीन-चारांत नुसती रडली, छान रडली.
एकात तिला फक्त दार उघडायचं होतं.
तेवढ्या दारासाठी मी
विमा कंपनीतून अर्धी रजा टाकली.

माझंही तेव्हा बरं चाललेलं.
हौशी नाटकं, वर्षाला दोन.
तालमीनंतर सराफ्यात भुट्ट्याचा कीस.
आधी नायिका, मग नायिकेची वहिनी,
मग विंगेत पुस्तक धरून मी.
तिचं लग्न झालं. सोसायटीच्या पत्रकात एक ओळ आली:
‘सध्या काम करीत नाहीत.’
सायक्लोस्टाइलची शाई, बोटाला लागली.

लग्नाआधीच्या शेवटच्या चित्रपटात
ती फलाटावर वळते, काहीतरी म्हणते.
चार-पाच शब्द असतील.
त्या दिवशी वकील आले नव्हते.
शब्द रिकाम्या खुर्चीच्या रेक्झिनवर पडले
आणि विझले.

ते वळणं मी चोरलं.
आमच्या नाटकात घर सोडताना
दारात थांबले, अर्धा खांदा मागे,
बोलले काहीच नाही.
तिन्ही प्रयोगांना हॉल रडला.
दिग्दर्शक पुरंदऱ्यांनी विचारलं, हे कुठून आणलंस?
म्हटलं, सुचलं.

आता ती एकाहत्तरची, मी एकोणसत्तरची.
नऊ वर्षांनी परतली होती म्हणे,
सासवा केल्या, आज्या केल्या,
एका मालिकेत तर नुसती खाटेवर पडून असते,
तरी बघणाऱ्याची नजर खाटेवरच.
हे सगळं भाच्यानं, ऋग्वेदनं, शोधून दिलं.
तो जुना चित्रपटही, धुऊन-पुसून, फोनवर.
अक्षरं सगळी जागच्या जागी.

फलाट. ती वळते. म्हणते,
‘भात झाकून ठेवलाय. गार होईल.’

इतकी वर्षं मी तिथे काय काय घातलं होतं.
आणि इंदूरचा अख्खा हॉल
तीनदा रडला त्या भातावर.

मागे घे रे, मी म्हटलं.
मावशी, तेच तर लिहिलंय, पुन्हा काय वाचायचं?
वाचू नकोस.
खांदा बघ.