आऊट काढणे

परिभाषेच्या कार्डावर मी लिहिलं होतं:
पुनर्समरूपन करणे.
समितीत कुणी हसलंसुद्धा नाही.

मग पारसिकच्या उतारावर
मुलीची सायकल खड्ड्यात गेली.

खारीगावात केणीमामा
सायकल उलटी ठेवतात, चाक फिरवतात,
रिमजवळ खडू नुसता धरतात.
चाक जिथे बाहेर आलंय
तिथेच पांढरी रेघ उमटते.
“हा बघा. इथं आऊट हाय.”

हा शब्द कुठला, मी विचारलं.
“चाकातला.”

चावीचा पाव फेर. ही कसली, ती सोडली.
एकटी तार ओढायची नाही म्हणाले,
समोरचीला विचारून ओढायची.
छत्तीस तारा, मी म्हटलं,
शेवटी सगळ्या सारख्याच ताणात येत असतील?

“छ्या! मागच्या चाकाला
फ्रीव्हीलच्या अंगाची जास्त ताठ पायजे.
सारख्या केल्या की चाक वाकडं.”
नखानं दोन्ही छेडून दाखवल्या:
एक बारीक बोलली, एक भरड.

मुलगी म्हणाली, आई, आमच्या बॉलरनं पण
काल दोन आऊट काढले.
(अर्थ दुसरा. नोंद घेतली.)

कार्ड परत आलंय.
शेरा: इंग्रजी शब्द, वगळावा.

खाली अंगणात घंटी वाजतेय, उगाच, पुन्हा पुन्हा.
उदाहरणाच्या रकान्यात मी लिहिते:
केणीमामांनी आऊट काढला.
चाक अजून केसभर डुलतं.
विचारलं तर म्हणाले,
तेवढं चालतं.